बेहचा रंग

बिही म्हणजे पेरू. नागपूरकडे आम्ही तसंच म्हणतो. त्यामुळे दुबईतल्या इराणी हॉटेलात लागलो त्या पहिल्या आठवड्यात उस्तादांनी 'बेह' आणायला सांगितलं, तेव्हा मी कोल्डरूममध्ये पेरू शोधत राहिलो. सगळं किचन हसलं. बेह हे निराळंच फळ. दिसायला सफरचंद आणि नासपतीच्या मधलं, अंगावर लव, आणि दोन नग ठेवले तरी खोली घमघमते. कच्चं चावलं तर घसा धरतो.

त्या गुरुवारी उस्ताद तापाने फणफणले होते आणि रात्री आठला पंचवीस माणसांची पंगत होती. एका गिऱ्हाइकाची आई इस्फहानहून आली होती, तिच्यासाठी खास खोरेश-ए-बेह, म्हणजे बेह घातलेला मटणाचा रस्सा. इस्फहानचा बेह नावाजलेला. म्हणजे खाणारी जाणकार!

मटण दुपारीच चढवलं. मानेचे आणि नळीचे तुकडे, सोनेरी परतलेला कांदा, हळद, मिरी, बस. सावजी भोजनालयात चार वर्षं काढलेल्या माणसाचा हात तिखटाच्या डब्याकडे जायचा थांबायला वर्ष लागलं. तर्री मात्र दोन्हीकडे लागते. वर तेल सुटून रस्सा मुरला की इराणी म्हणतात 'जा उफ्ताद', जागी बसला. त्याआधी वाढायचा नाही.

बेह बाराला यायचा तो सव्वाचारला आला. मॅनेजरने दोन दिरहम वाचवायला नवा माणूस धरला होता. चार किलो फळ, जड सुरीने फोडायचं, चिरलं की काळं पडतं म्हणून लिंबाच्या पाण्यात टाकायचं, मग तुपात दोन्ही बाजूंनी परतायचं. बिया फेकायच्या नाहीत, उस्ताद त्या खोकल्यासाठी वाळवून ठेवतात. फोडी मटणात सोडल्या, आलूबुखारा घातला (फारसीत आलू म्हणजे बटाटा नव्हे), लिंबू, थोडी साखर, केशराचं पाणी. सहा वाजले होते.

बेह तासाभरात शिजतो, पण लाल व्हायला तीनेक तास मंद आच लागते. घसा धरणारा तो तुरटपणाच उष्णतेने आणि आंबटाने हळूहळू गुलाबी होत जातो. साडेसातला माझ्या फोडी मऊ होत्या आणि रंगाने बिस्किटासारख्या. मॅनेजर म्हणाला, "आच वाढव." हिशेबात हुशार माणूस, पण त्याला आच आणि वेळ एकच वाटतात. आच वाढवली असती तर फोडींची लापशी झाली असती. उस्तादांना फोन लावला. "सब्र कुन," एवढंच म्हणाले आणि खोकत फोन ठेवला. सब्र करायला पंगतीला कोण सांगणार?

मी अर्धं पातेलं दुसऱ्या भांड्यात काढलं. तेलात टोमॅटोची पेस्ट परतली, वर डाळिंबाचा दाट रस, आणि त्यात मिसळून दिलं. रंग झकास आला. बऱ्याच ठिकाणी पेस्ट घालतात, चोरी नव्हे. पण मला माहीत होतं मी ती कशासाठी घातली.

म्हातारीने सगळं खाल्लं. जाताना किचनच्या दारात आली, माझा हात हातात घेतला, नेहमीचं 'दस्तेत दर्द नकुने' म्हणाली, तुझा हात दुखू नये. मग विचारलं, "घाई झाली होती का, बाळा?" मुलाने भाषांतर केलं नाही. तेवढी फारसी मला येते. मी नुसतं हसलो.

उरलेलं पातेलं बारीक आचेवर तसंच होतं. साडेदहाला झाकण काढलं तर फोडी गडद गुलाबी, रश्श्यावर तेलाचा तवंग. आम्ही सहा जणांनी उरल्यासुरल्या भाताबरोबर उभ्या उभ्या खाल्लं. केरळच्या पोराने बोटं चाटली. मॅनेजरने घरी डबा नेला.

दुसऱ्या दिवशी उस्ताद आले, फ्रीजमधली वाटी उघडली, एक फोड बोटाने दाबून पाहिली. "हेच वाढलंस काल?"

"हो उस्ताद," मी म्हणालो.