रात्री दोनचा सांगकाम्या

सर्व्हरवर रात्री दोन वाजता काय चालतं, ते मी कधी जागून पाहिलेलं नाही. जागायचं नसतं म्हणून तर क्रॉन लावायचा, म्हणजे ठरल्या वेळी कामं आपोआप चालवणारा प्रोग्राम. क्रॉनटॅब, म्हणजे त्याच्या कामांची यादी, उघडून एक ओळ लिहिली की झालं: ० २ * * * आणि पुढे स्क्रिप्टचा, म्हणजे कमांड लिहिलेल्या फाइलचा, पत्ता. मिनिट, तास, तारीख, महिना, वार. पाच खणांत अख्खं पंचांग. स्टार म्हणजे 'कुठलाही चालेल'. रविवार तेवढा शून्यही आणि सातही, बहुधा कुणाचं मन मोडायचं नव्हतं.

(ही यादी उघडायला क्रॉनटॅब कमांडपुढे मायनस ई लिहायचं, अख्खी पुसायला मायनस आर. कीबोर्डवर दोन्ही अक्षरं शेजारी, आणि आर 'नक्की ना?' असंही विचारत नाही. असो.)

युनिक्स या जुन्या ऑपरेटिंग सिस्टिमच्या १९७९ च्या सातव्या आवृत्तीतही क्रॉन होता. आज लिनक्सवर सहसा जो भेटतो तो पॉल विक्सी यांनी १९८७ मध्ये लिहिलेल्या क्रॉनचा वंशज. इतक्या वर्षांत स्वभाव मात्र तोच, पक्का सांगकाम्या. मिनिटाच्या खणात */४५ लिहिलं की आपल्याला वाटतं, दर पाऊण तासाने धावेल. तो धावतो शून्याला, पंचेचाळिसाला आणि तास पालटला की लगेच पुन्हा शून्याला. तेरा तारखेचा शुक्रवार गाठायचा म्हणून तारखेत १३ आणि वारात ५ लिहिलं, तर तो दर तेराला येतो आणि शिवाय दर शुक्रवारीही. तारीख आणि वार दोन्ही भरले की त्याच्या लेखी मधे 'किंवा' असतो.

हे सगळं मला ठाऊक होतं, म्हणूनच मी निर्धास्त होतो. डेटाबेसच्या बॅकअपची स्क्रिप्ट हाताने चालवून पाहिली, छान चालली. मग ती क्रॉनच्या हवाली केली. रोज सकाळी फोल्डरमध्ये नवी फाइल, नावात कालची रात्र. तीन आठवडे मी ती नावं पाहून समाधानाने चहा प्यायलो. मग एका दुपारी एक टेबल चुकून उडालं आणि पहिल्यांदाच नावाच्या शेजारचा आकार वाचला. २० बाइट. कालची २०, परवाची २०. सगळ्याच.

माझी स्क्रिप्ट डेटाबेसची प्रत, म्हणजे डंप, घेऊन ती जीझिपकडे, म्हणजे फाइल दाबून लहान करणाऱ्या प्रोग्रामकडे, पाठवायची. काहीच न दाबता जीझिप चालवलं की उरतं ते एवढंच वीस बाइटचं रिकामं पाकीट. मी हाताने कमांड देतो त्या शेलला डंप घेणारा प्रोग्राम कुठे राहतो ते माहीत होतं. क्रॉनला दोनच घरं माहीत, यूएसआर-बिन आणि बिन हे फोल्डर. प्रोग्राम तिसरीकडे. तो सापडला नाही, पण दोघांना जोडणाऱ्या पाइपच्या दुसऱ्या टोकाला जीझिपने आपलं काम चोख केलं आणि स्क्रिप्टने यशाचा शून्य परत दिला. टेबल परत मिळालं ते चाचणीच्या दिवशी हाताने घेतलेल्या प्रतीतून, तीन आठवड्यांच्या नोंदी सोडून.

क्रॉनने निदान एक शब्द तरी बोलायचा, असं म्हणत मी सर्व्हरवर लॉगिन केलं. नेहमीची ओळ झळकली: 'यू हॅव मेल'. ती रोजच झळकायची, मी तिला सर्व्हरच्या स्वागताचा भाग समजत होतो. पेटी उघडली. आत एकवीस पत्रं होती. प्रत्येकावर वेळ रात्री दोनची आणि प्रत्येकात एकच ओळ: कमांड नॉट फाउंड.