हजेरीपट

काल रात्री 'वर्किंग मॉम्स' लावली होती. बाळंतपणाची रजा संपवून कामावर परतणाऱ्या टोरांटोतल्या आयांची विनोदी मालिका. मी खळखळून हसत होते. शेजारी सासूबाई मात्र गप्प.

मग हळूच म्हणाल्या, "मी तर तीन महिन्यांतच शाळेत गेली होती ना बाई. दुपार झाली की पदर ओला व्हायचा. हजेरीपट छातीशी धरूनच शिकवायची."

नागपुरातल्या महाल भागातली शाळा. घरी तान्हं लेकरू, म्हणजे माझा नवरा! इतक्या वर्षांत हे कधी बोलल्याच नाहीत.

२०१७ पासून पहिल्या दोन बाळंतपणांना २६ आठवड्यांची रजा कायद्याने मिळते. माझी सोमवारी संपतेय. तो हजेरीपट काही डोळ्यांपुढून हलत नाही.

तुमच्या आईने तिचा तो पहिला दिवस कधी सांगितलाय का?