खोपडी गेला तेव्हा

२०२३ च्या मार्चमध्ये आमच्या फॅमिली ग्रुपवर मावशीचा मेसेज आला, "नुक्कडमधला खोपडी गेला गं". बास एवढंच. आणि आम्ही सगळ्यांनी एका सेकंदात ओळखलं, कोणीही विचारलं नाही की कोण खोपडी. पण नाव? नाव कोणालाच आठवेना, मलाही नाही. शेवटी बातमी उघडली तेव्हा कळलं, खोपडीचं काम करणारा नट समीर खक्कर, वय ७१.

मला फार वाईट वाटलं ते या गोष्टीचं. दूरदर्शनवर १९८६-८७ ला नुक्कड ही मालिका लागायची, सईद मिर्झा आणि कुंदन शाहची. गुरू इलेक्ट्रिशियन होता, सायकलवाला हरी होता, कादरभाईचं हॉटेल, गणपत हवालदार (ते आपले अजय वाढवकर, तेही गेले आता) आणि या सगळ्यांत हा एक बेवडा. आता हिंदीत बेवड्याचा रोल म्हणजे काय असतं माहितीये ना, दोन मिनिटं येऊन झोकांड्या खायच्या, लोकांना हसवायचं आणि जायचं. खोपडी तसा नव्हता. तो तिथलाच होता, घरातला असावा तसा, सगळे त्याला ओरडायचे पण हाकलून कोणी देत नसे, आणि त्याचं दुःख काय आहे ते त्याच्या डोळ्यांत दिसायचं. मी लहान होते तरी मला त्याची दया नाही यायची, काळजी वाटायची. हे लिहून ठेवणाऱ्यांचं श्रेय आहेच पण उभं केलं त्या माणसानं.

मग गंमत बघा, त्याच १९८७ मध्ये कमल हासनचा पुष्पक आला, त्यातही हा दारुडाच, फक्त इथे गडगंज श्रीमंत. रस्त्यात पिऊन पडलेला असतो, कमल हासन त्याला उचलून आपल्या खोलीत डांबून ठेवतो आणि त्याच्या हॉटेलच्या रूममध्ये जाऊन राहतो. म्हणजे एकच माणूस एकीकडे फाटका बेवडा आणि दुसरीकडे मालदार बेवडा, आणि दोघं एकमेकांसारखे जराही वाटत नाहीत. हे सोपं नाहीये हो. हिरोला वेगवेगळे रोल मिळतात म्हणून तो वेगळा दिसतो, यांना एकच रोल पुन्हा पुन्हा देतात आणि त्यातच वेगळं काढून दाखवायचं असतं.

नंतर सर्कसमध्ये चिंतामणी झाला, शाहरुखची ती जुनी मालिका, मग श्रीमान श्रीमतीमध्ये फिल्मी डायरेक्टर टोटो. आणि १९९६ ला सगळं सोडून अमेरिकेला!! तिथे जाऊन जावा कोडिंगची नोकरी केली. मी हे वाचलं तेव्हा दोनदा वाचलं. चव्वेचाळीशीच्या आसपासचं वय, अख्खा देश चेहऱ्यानं ओळखतो, आणि हा माणूस परदेशात कॉम्प्युटरसमोर बसून प्रोग्राम लिहितोय, आजूबाजूला कोणाला पत्ता नाही की हा कोण आहे. २००८ च्या मंदीत ती नोकरी गेली तर परत आला आणि पुन्हा कामं मागायला लागला, पन्नाशी उलटून गेल्यावर. मिळालीसुद्धा, हंसी तो फंसी, जय हो, मग सीरियस मेन, आणि फर्जी तर त्यांच्या जाण्याच्या महिनाभर आधीच आली होती. सगळी छोटी छोटी कामं. पण शेवटपर्यंत सेटवर जात होते, मला हे खूप मोठं वाटतं.

काल मुलाला पुष्पक दाखवला. आधी तो कंटाळेल वाटलं कारण त्यात कोणीच बोलत नाही, पण बसला चक्क शेवटपर्यंत. मध्येच विचारतो, आई हा पिऊन पडलेला माणूस कोण आहे गं? मी म्हटलं समीर खक्कर. खोपडीचं नंतर सांगितलं.