असांते म्हणण्याआधी

मोबाइलवर ‘आफ्रिकेतल्या भाषांत धन्यवाद’ अशा याद्या फिरतात. एक देश, एक शब्द. पाठ करून गेलात की पहिल्याच दिवशी घोटाळा होतो, कारण यातले बरेच शब्द म्हणजे क्रियापदं आहेत. कोण, कुणाला आणि किती जणांना म्हणतंय, त्यावर ती बदलतात.

टांझानिया-केनियातली स्वाहिली त्यातली सगळ्यात सोपी. एकाला ‘असांते’, अनेकांना ‘असांतेनी’. जोर नेहमी शेवटून दुसऱ्या अक्षरावर, म्हणजे पहिल्यात ‘सां’वर, दुसऱ्यात ‘ते’वर. शब्द मूळ अरबी, अर्थ ‘छान केलंस’. उत्तर येतं ‘करिबू’. दारात पाहुण्याला ‘या’ म्हणतात तेच.

रुवांडात एकट्याला ‘उराकोझे’. वडीलधाऱ्यांना किंवा अनेकांना ‘मुराकोझे’. यातला ‘झे’ झोपेतला ‘झ’ घेऊन म्हणायचा. शब्दात काम करण्याचं क्रियापद आहे: ‘काम केलंत’. झिम्बाब्वेच्या शोनातही तेच: बरोबरीच्याला ‘वाइता’, मोठ्यांना ‘माइता’, म्हणजे ‘केलंस’ आणि ‘केलंत’. तू-तुम्ही आपल्या अंगात मुरलेलं असल्याने मराठी माणसाला हे इंग्रजीवाल्यापेक्षा लवकर जमायला हवं. पण यादीत एकच रूप असतं आणि नेमकं तेच आपण आजोबांना ऐकवतो.

शोनात नुसते शब्द पुरत नाहीत, टाळीही लागते. पुरुष तळव्यावर तळवा, बोटांवर बोटं सरळ ठेवून वाजवतात. बायका ओंजळीसारखे पोकळ हात एकमेकांवर आडवे धरतात. आवाज घुमतो, फटकन येत नाही. नाटक संपल्यावरची टाळी इथे चालत नाही, हळू आणि सावकाश वाजवायची. मग दिलेली वस्तू दोन्ही हातांनी घ्यायची. दक्षिण आफ्रिकेतल्या झुलू लोकांत उजवा हात पुढे करून डावा त्याच्या कोपराखाली टेकवला तरी चालतं. प्रसाद घेताना आपण करतो त्याच्या जवळपासच.

झुलूत ‘ङ्गियाबोंगा’ म्हणजे ‘मी आभार मानतो’. ‘रंग’ म्हणताना शेवटी येणारा नाकातला आवाज इथे शब्दाच्या सुरुवातीलाच येतो. त्याआधी ‘ए’ लावू नका. अदब दाखवायची तर एकटा माणूसही ‘सियाबोंगा’, म्हणजे ‘आम्ही आभार मानतो’, असं म्हणतो.

युगांडातल्या लुगांडात आभारासोबत कामही सांगतात. जेवून उठताना रांधणाऱ्या बाईला ‘वेबाले कुफुम्बा’, म्हणजे स्वयंपाक केल्याबद्दल आभार. वयाने मोठी असेल तर ‘म्वेबाले’. नुसतं ‘वेबाले’ चुकीचं नाही, पण जरा कोरडं वाटतं.

नायजेरियाच्या योरुबात मित्राला ‘ओ शे’, थोरांना ‘ॲ शे’. हा ‘ॲ’ बॅटमधल्यापेक्षा थोडा मिटलेला. मोठ्या माणसाला ‘ओ शे’ म्हणणं म्हणजे शिक्षकांना अरे-तुरे. घानातल्या ट्वीत ‘मेदासे’ म्हणतात. पूर्ण रूप ‘मे दा वो आसे’, शब्दशः ‘मी तुझ्या तळाशी आडवा होतो’. पाया पडणाऱ्यांना हे समजावून सांगावं लागत नाही. अनेकांसमोर मात्र ‘वो’ जाऊन ‘मो’ येतो.

सेनेगलच्या वोलोफमधलं ‘जरजफ’ रोमन लिपीत वाचून हमखास बिघडतं, कारण त्यातले ठिपकेवाले स्वर लोक ‘ए’ म्हणतात. ते साधे ‘अ’ आहेत: ज-र-जफ, ‘ज’ जिऱ्यातला. त्यावर उत्तर येतं ‘न्यो को बोक’, म्हणजे ‘ते आपल्या सगळ्यांचंच आहे’.