तुम्ही विचारलंत म्हणून: बीटल्सच्या आधीचं ते स्किट

"बीटल्सच्या आधी जे दोघं आपटले, ते मुळातच बेकार होते का हो?" मिट्झी मॅकॉल आणि चार्ली ब्रिल या अमेरिकन विनोदी जोडीची क्लिप पाहिलेला जो तो मला हेच विचारतो. नव्हते हो बेकार. एकदाच लिहून टाकते.

९ फेब्रुवारी १९६४, न्यूयॉर्क, एड सलिव्हन सादर करायचे तो टीव्हीवरचा 'एड सलिव्हन शो'. थिएटरात ७२८ खुर्च्या, घरोघरी सुमारे ७ कोटी ३० लाख प्रेक्षक. बीटल्स दोन खेपांत गाणार, आणि या नवरा-बायकोचं स्किट दुसऱ्या खेपेच्या अगदी तोंडावर. चार्ली टेबलामागे, नट निवडणारा. मिट्झी आळीपाळीने वेगवेगळ्या बायका: सेक्रेटरी, नटी, पोरीला पुढे रेटणारी आई.

अशा स्किटचा हिशोब ठरलेला असतो. बाई बदलली की पहिली दोन वाक्यं हशासाठी नसतातच. नवी चाल, नवा आवाज ओळखायला प्रेक्षकाला ती लागतात. तिसऱ्या वाक्याला पंच. हशा निम्म्यावर उतरला की पुढचं वाक्य. शेवटचा पंच मागच्या एखाद्या वाक्यावर उभा असतो.

रंगीत तालीम झाल्यावर सलिव्हननी दोघांना बोलावून सांगितलं: आज समोर शाळकरी पोरी आहेत, हे त्यांच्या डोक्यावरून जाईल, बदला. थेट प्रक्षेपण त्याच संध्याकाळी. मग जुन्या तुकड्यांना ठिगळं लावून नवं शिवलं. बीटलवर (म्हणजे भुंग्यावर) पाय पडल्याचा एक ताजा विनोदही त्यात आला.

घाईत कात्री चालते ती नेमकी त्या पहिल्या दोन वाक्यांवर, कारण कागदावर ती फुकट वाटतात. जोडवाक्यं तोंडात बसलेली नसतात, त्यामुळे नटाचं लक्ष समोरच्यावर न राहता पुढच्या ओळीवर जातं. पंच टाकून थांबावं आणि हशा येऊ नये, तर ती एका सेकंदाची जागा खड्डा होते. खड्डा झाकायला वेग वाढवला की पुढच्या बाईची ओळखच खाल्ली जाते. मग तिचाही पंच पडतो. आपल्याकडच्या रेकॉर्डेड कार्यक्रमात असा खड्डा एडिटला बुजवता येतो. इथे ती सोय नव्हती.

पूर्वी मी सगळं खापर त्या कात्रीवर फोडायचे. पण त्याच रात्री फ्रँक गॉर्शिन नकला करून गेला. नकलेत एक चेहरा पडला तरी पुढचा उभा राहतो. म्हणजे स्किटचा घाटच चुकला? मग या जोडीला बीटल्सच्या तोंडावर ठेवणाऱ्याचं काय?

आणि करिअर संपलं का, हेही विचारू नका. चार्ली १९६७ मध्ये 'स्टार ट्रेक' या टीव्ही मालिकेत हेर होता आणि १९९६ मध्ये तीच भूमिका करायला परत आला. मिट्झीने नंतर टीव्हीसाठी लेखनही केलं.

मूळ स्किट तसंच ठेवलं असतं तर चाललं असतं, असं मला कधी कधी वाटतं. पण बीटल्सची वाट बघणाऱ्या त्या पोरींना दोन वाक्यं गप्प बसवणार कोण होतं?