नाताळचा दुसरा दिवस

कालचं जेवण छान झालं. सगळे पोटभर जेवले. ह्याच्या बाबांनी दोनदा वाढून घेतलं, आणि त्यांचे डोळे भरून आले ते मी पाहून न पाहिल्यासारखं केलं. तरी आज सकाळपासून माझं मन थाऱ्यावर नाही. कारण इतकं लहान आहे की कुणाला सांगायचीही सोय नाही. आईने काल रात्री विरजण ओव्हनमध्ये ठेवलं नाही.

एरवी रोज ठेवते. इथल्या थंडीत ओट्यावर दही लागत नाही, म्हणून ओव्हनचा नुसता दिवा लावायचा आणि आत पातेली ठेवायची. काल तिने ती पातेली शालीत गुंडाळली आणि आपल्या खोलीत, हीटरच्या जाळीपाशी ठेवली. एक शब्द बोलली नाही. ओव्हन मी रात्री सगळं आवरल्यावर घासून, पुसून, पुन्हा साबणाच्या पाण्याने पुसून ठेवला होता. पाठीचा काटा ढिला झाला होता, तरी.

बोलली असती तर बरं झालं असतं. मी तयारीत होते. तिकडे महाराष्ट्रात २०१५पासून बैलही कापता येत नाही आणि तू घरात मोठ्याचं शिजवतेस, असं ती म्हणणार हे मी धरूनच चालले होते. ताटात उतरणारा लाल रस पाहून तोंड फिरवेल, मग तिला सांगायचं की ते रक्त नसतं, रक्त केव्हाच निघून गेलेलं असतं, तो रंग मायोग्लोबिनचा, म्हणजे स्नायूंतल्या एका प्रथिनाचा. सगळी उत्तरं पाठ होती. ती एकही प्रश्न विचारायला आली नाही.

आणि मी हे हौसेने केलं होतं का? ह्याच्या आईचं होतं हे. बीफचा तीन फासळ्यांचा तो तुकडा, हाडं सोडवून पुन्हा दोऱ्याने बांधून घेतलेला, दर नाताळला त्यांच्या घरी. यंदा त्या... त्यांच्या हातची चिठ्ठी तेवढी माझ्या डब्यात होती. तिच्यात वेळ लिहिलेली नाही, फक्त अंश. त्यांचं बरोबरच होतं. पाउंडाला इतकी मिनिटं हा हिशेब मला कधीच पटलेला नाही. तुकडा आखूड-जाड आहे की लांबट, फ्रीजमधून कधी काढला, यावर सगळं फिरतं. आदल्या दिवशी मीठ चोळून, न झाकता, जाळीवर फ्रीजमध्ये ठेवला. उघडा अशासाठी की वरची साल कोरडी पडली तरच शेवटी खरपूस होते. मग २५० फॅरनहाइटवर दुपारभर, अगदी सावकाश. तुकड्याच्या पोटात ११८ अंश भरले की बाहेर, पाऊण तास नुसता विसावा. तेवढ्यात आतली उष्णता आपली आपण आणखी वर चढते. आणि वाढायच्या आधी ५०० अंशांवर आठ मिनिटं. पहिला काप पडला तेव्हा काठाला बोटाच्या पेरापेक्षा कमी तपकिरी कड होती, आणि आत एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकसारखं गुलाबी. ह्याचे बाबा सुरी हातात धरून नुसते उभे राहिले.

त्या क्षणी आई माझ्याकडे बघत असेल असं मला वाटलं होतं. ती तिच्या सॅमनचा काटा काढत होती.

तिच्यासाठी काय नव्हतं केलं? सॅमनला आगळ, हळद, तिखट. यॉर्कशर पुडिंगं, म्हणजे मैदा-अंड्याच्या पिठाचे ओव्हनमध्ये फुगवलेले पाव, रोस्टच्या चरबीत करतात म्हणून तिची वेगळ्या साच्यात, लोण्यात. बटाटेही वेगळ्या पातेल्यात. दोन्हीकडचं सगळं मीच बघायचं, आणि शेवटी शालीत गुंडाळलेली पातेली. माझ्याच घरात मला पाहुण्यासारखं सांभाळून घेतलं, हे काही केल्या जात नाही.

दुपारी न राहवून विचारलंच. "वास लागतो गं दह्याला," एवढंच म्हणाली आणि मेथी निवडायला लागली.

खरंही आहे. दह्याला वास लागतो. सुरमई तळली त्या दिवशीही तिने पातेली लांब ठेवली असती. मला हे काल का सुचलं नाही? की तिलाही नेमकं सांगता येत नाहीये, आणि वास हे आम्हा दोघींना पेलेल असं कारण आहे? असू दे. चाळीस वर्षं एका पद्धतीने जगलेल्या बाईने माझ्या ओव्हनला दोन दिवस हात लावला नाही, तर तो तिचा हक्क आहे. मी बोलणी खायला तयार होते, तसंच हे घ्यायलाही तयार असायला हवं.

शिवाय मला आता आठवतंय. मी वर साडी बदलत होते तेव्हा जिन्याखालून तिनेच हाक मारली होती. "अगं, एकशेपंधरा झाले बघ!" तुकड्यात खुपसलेल्या थर्मामीटरचा आकडे दाखवणारा डबा ओट्यावर होता. म्हणजे ती तिथे बसून आकडे बघत होती. कुणी सांगितलं नव्हतं.

हॉर्सरॅडिशची मुळी किसली तेव्हाही तीच आधी उठून आली. मोहरी फेसल्यावर नाकात जाते तशी झणझण सगळ्या स्वयंपाकघरात. चमच्याच्या टोकावर घेऊन तिने चाखलं, डोळ्यांतून पाणी काढलं आणि म्हणाली, लोणच्याला चांगलं लागेल हे. आत्ता मेथी चिरता चिरता विचारतेय, ती मुळी कुठल्या दुकानात मिळते. शनिवारी घेऊन जाईन तिला. गाजरंही आणायची आहेत, आणि लिंबं.