आजोबांची रिळं संग्रहालयात देताना

विट्याचं घर रिकामं करताना माळ्यावर पत्र्याचे गोल डबे निघाले. आजोबांची टुरिंग टॉकीज होती; पाली, पुसेगावच्या जत्रांत तंबू लागायचा. भंगारवाला किलोवर न्यायला तयार होता. मी डबे पुण्याला आणले, कारण ते द्यायची जागा इथेच आहे: लॉ कॉलेज रोडचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, १९६४ पासूनचं. पी. के. नायर यांनी तिथे वर्षानुवर्षं असेच विखुरलेले तुकडे गोळा केले. फाळक्यांचा १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’सुद्धा आज अख्खा सापडत नाही, मग आमच्या डब्यांत काय असेल कोणी सांगावं!

डबे नेण्याआधी एक गोष्ट बघावीच लागते. साधारण १९५० पर्यंतच्या फिल्म नायट्रेटच्या, म्हणजे सहज पेट घेणाऱ्या, असू शकतात. नायट्रेट एकदा पेटलं की पाण्यानेही विझत नाही, कारण जळायला लागणारा प्राणवायू त्याच्यातूनच सुटतो. पुण्यातच २००३ साली अशा साठ्याला आग लागून कितीतरी जुने चित्रपट कायमचे गेले. म्हणून मामाला बोलावलं. तरुणपणी प्रोजेक्टर तोच चालवायचा. गॅलरीत, गॅसपासून लांब, त्याने हातमोजे घालून रिळाची सुरुवातीची दोन हात फिल्म उलगडली आणि उजेडासमोर धरली. भोकांच्या कडेला बारीक इंग्रजी अक्षरं होती: ‘सेफ्टी’, म्हणजे नायट्रेट नाही. सगळ्या डब्यांत तेच निघालं आणि माझा जीव भांड्यात पडला.

पण सेफ्टी फिल्मही आपोआप टिकत नाही. दोन डबे उघडताच व्हिनेगरचा भपकारा आला. सेफ्टी फिल्मचं अ‍ॅसिटेट कुजायला लागलं की हाच वास येतो, आणि ते आम्ल शेजारच्या रिळांनाही लागतं. ते डबे लगेच वेगळे ठेवले.

मग यादी. नाव, रीळ क्रमांक, ३५ एमएम की १६, जोड किती, कुठे फाटलंय. पूर्ण चित्रपट एकही नव्हता. एका तमाशापटाची मधली रिळं, आणि फिल्म्स डिव्हिजनचं एक वृत्तचित्र. मला तर ते वृत्तचित्रच जास्त मोलाचं वाटतं, कारण मुख्य सिनेमाआधी दाखवायची ती चार मिनिटं जपून ठेवावीत असं कोणाला वाटणार? संग्रहालयाला दिलेल्या पत्रात एक वाक्य मुद्दाम घातलं: आम्ही फक्त प्रिंट देतोय, चित्रपटाचे हक्क आमच्याकडे कधीच नव्हते. असं काही देणार असाल तर हे लिहाच, नंतर घोळ होत नाही.

रिळं दिली. आजोबांची हिशेबाची वही मात्र अजून घरीच आहे. कुठल्या गावाला कुठला खेळ, किती गल्ला, पाऊस आला तर ‘खेळ बंद’ एवढीच नोंद. रिळांच्या प्रती दुसरीकडे मिळतीलही, ही वही नाही मिळणार. त्यांचं अर्धमोडी अक्षर आता फक्त मामालाच लागतं. तो रविवारी येऊन वाचतो, मी उतरवून घेते. म्हसवडपर्यंत आलोय.